मी गाळलेल्या पाच ओळी

स्वस्थ बसणं माझ्या पत्रिकेतच नाही. सेनगावच्या शाळेत शिकवते, तिथंही एक तास सलग खुर्चीत बसले असेन तर शपथ. आणि अशा बाईच्या वाट्याला काम कसलं यावं, तर पोथी उतरवायचं! मांडी घालून, पायाला मुंग्या येईस्तोवर, एक काना इकडचा तिकडे न करता.

आमच्या गावात लिहिणारी तीन घरं. देवीच्या पोथीत गावच्या जुन्या कहाण्या आहेत. पानं तुटायला लागली की ती जशीच्या तशी नव्या कागदावर उतरवायची आणि जुनी पोथी कयाधू नदीत सोडायची, हे या तीन घरांचं काम. चूक असली तरी चुकीसकट उतरवायची. तपासणी मात्र उलटी. एकानं जुन्या पानातला शेवटचा शब्द आधी वाचायचा, मग त्याच्या मागचा, असं करत वर जायचं, आणि दुसऱ्यानं नव्या पानावर बोट फिरवायचं. सरळ वाचलं की माणूस गोष्टीत गुंततो आणि गळालेला शब्दही त्याला पानावर असल्यासारखा दिसतो, असं वडील सांगायचे. त्यामुळे आमच्या घरात पोथी पिढ्यान्‌पिढ्या लिहिली गेली, तपासली गेली. कुणी तिच्यावर दोन घटका विचार केला असेल असं मला वाटत नाही.

दोन घरं पुण्याला गेली, उरलो आम्ही. वडिलांच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, ऑपरेशनचं नाव काढलं की उठून ओसरीवर जायचे. शेवटी पोथी माझ्यापुढे ठेवली आणि बराबर लिही, एवढंच म्हणाले.

बराबर लिहायचं माझ्या मनातच नव्हतं. पोथीत दुष्काळाची एक कहाणी आहे. गावातलं सगळं पाणी आटलं, राहिली ती देवीपुढची भरलेली कळशी. मेंढरं राखणाऱ्या एका घरातल्या पोरीनं ती चोरली. त्या चोरीच्या पाच ओळी. चैत्रात देवळात पोथी वाचतात, तेव्हा हे पान आलं की त्या घरची माणसं दरवर्षी उठून बाहेर जायची. त्यांची मुलगी शाळेत माझ्या बाकावर होती. वाचनाच्या दुसऱ्या दिवशी पोरं तिला कळशीचोर म्हणायची. एकदा भांडणात मीही म्हणाले. ती दप्तर उचलून मागच्या बाकावर गेली. ते मला अजून सलतं. ती लग्न होऊन हट्ट्याला गेली, तिला लेकरं झाली, तरी सलतं.

म्हणून त्या पाच ओळी मी गाळल्या. आजूबाजूची अक्षरं सैल लिहून पान भरून काढलं. तपासणीला वडील शेजारी बसले. त्यांना दिसत नसल्यामुळे वाचणारीही मीच आणि बोट फिरवणारीही मीच. त्या पाच ओळींवरून मी सरळ उडी मारली. उलटं वाचताना गोष्टीचा पत्ता लागतच नाही, त्यांनाही लागला नाही. जुनी पोथी कयाधूत सोडली तेव्हा मोठा तीर मारल्यासारखं वाटलं मला.

चैत्र आला. देवळात मी बसल्या जागी दहादा मांडी बदलली असेल. ती कहाणी सुरू झाली. माझ्या मैत्रिणीची म्हातारी आई गुडघ्यावर हात टेकून उठू लागली, तिच्यामागे सुना, नातवंडं. तोवर वाचणारा पुढच्या कहाणीत शिरला होता. ती सगळी तशीच अर्धवट उभी राहिली, एकमेकांकडे बघत. मग खाली बसली. शेजारून वडिलांनी तोंड माझ्याकडे वळवलं. ते सरळ वाचन होतं, त्यांना सगळं कळलं.

घरी त्यांनी काय केलंस म्हणून विचारलं, तेव्हा मी भांडलेच. एका घराची बदनामी पुसली, त्यात वाईट काय केलं? ते ओरडले असते तर बरं झालं असतं. त्या रात्री ते जेवलेच नाहीत.

सकाळी म्हातारी आमच्या अंगणात आली. आत ये म्हटलं तर आली नाही.

"आमी भाईर काहून जात होतो, बघितलंस कधी?"

नव्हतं बघितलं. वाचन चालू असताना लिहिणाऱ्या घरानं जागचं हलायचं नाही, अशी आमची रीत. मग तिनंच सांगितलं. देवळाच्या पायऱ्यांशी त्यांची मेंढरं उभी असतात. त्या पोरीच्या नावानं, ते पान वाचून होईस्तोवर, घरातली थोरली बाई नव्या कळशीनं त्यांना पाणी पाजते. तिनं कळशी चोरली म्हणून मेंढरं जगली, आणि मेंढरं जगली म्हणून ते घर जगलं.

"माझ्या पोरीला चिडवायचे, ते मला ठाऊक हाय," ती म्हणाली. "कळशी कशापायी चोरली, ते त्या पोरांना शिकवायचं होतं. तू तर मास्तरीण झालीस. एवढ्या पोथीत आमच्या घरचं एकच माणूस होतं, तेबी काढलंस."

मला जमिनीनं गिळावं असं झालं.

पाच ओळी परत घालायच्या म्हणून मी वडिलांच्या मागे लागले. ते म्हणाले, "मतलब मलाबी ठाऊक हाय. अक्षर कुठून आणू?" मी माझं डोकं खाजवून खाजवून दोन ओळी काढल्या, त्याही धड नाहीत. माझ्याच हातानं गाळलेल्या ओळी, आणि मलाच येत नव्हत्या! आठवडाभर शाळेत पोरांवर उगीच खेकसत राहिले. मग वडिलांनीच सांगितलं की त्या घरात नव्या सुनेला त्या पाठ करून घेतात. म्हातारीकडे जा.

गेले. म्हातारी कोकराला पाला घालत होती. तिनं मला बसायला गोणपाट टाकलं, चहा सांगितला. मी चुकले म्हणाले, रडलेही. नवं पान लिहिते, पुढच्या चैत्रात वाचायला लावते, मावशी, तेवढ्या ओळी सांगा, म्हणाले.

"पाठ हायेत ना. परवाच नातसुनेला शिकवल्या."

मी वही उघडली, पेनाचं टोपण काढलं.

"वही मीट, बाई," ती म्हणाली. आवाजात राग अजिबात नव्हता. "लिहिलेलं तुमच्या घरात होतं, तर तुमी गाळलं. आता हे आमच्याजवळ तोंडीच राहू दे."

मी वही मिटली. चहा आला, तो तिच्यासमोर बसून प्यावा लागला.