आत कुणी सज्ञान हाय का?

तुमच्या गल्लीत आज किती घरांना बाहेरून कुलूप आहे, आणि त्यातल्या किती घरांत माणूस आहे? नाही ना सांगता येत? सिरसाळ्याच्या माझ्या मामांना ते गावापुरतं तोंडपाठ असायचं. जगातलं प्रत्येक कुलूप कुणातरी सज्ञान माणसाच्या इच्छेविरुद्धच लागलेलं असतं, अशी त्यांची खात्री. उभी हयात त्यांनी परळीला वकिलाचा मुन्शी म्हणून काढली आणि ढीगभर कायद्यांतून उराशी एकच धरला: घरच्यांनी डांबलेल्या माणसाला न्यायाधीशासमोर हजर करायला लावणारी हेबियस कॉर्पसची याचिका. तिचे कोरे मसुदे त्यांच्या पिशवीत कायम, पानाच्या डब्याशेजारी.

लग्नाला त्यांना बोलवायची सोय नव्हती. अक्षता पडायच्या आधी स्टेजवर चढून नवरीला विचारत, "बाई, राजीखुशीनं उभी हायस ना?" मग नवरदेवालाही विचारत, कायदा सगळ्यांना सारखा. माझ्या थोरल्या बहिणीनं मुंडावळ्या सावरत सांगितलं, "हो मामा. आता जेवून घ्या."

पण त्यांचा खरा हंगाम दिवाळीनंतरचा. ऊसतोडीला टोळ्या गेल्या की निम्म्या गावाला कुलपं लागतात. त्या गर्दीत माणूस कोंडलेलं एखादं कुलूप कुणाच्या नजरेत येणार? म्हणून मामा रोज सकाळी छत्रीच्या मुठीनं एकेक दार ठोठावत निघत. "आत कुणी सज्ञान हाय का?" एकदा आतून खोकला आला. मामांनी ओट्यावर बसून मसुदा भरायला घेतला. 'आवाज क्षीण, बहुधा उपाशी' इथवर आले, तोच शेजारीण पाल्याची पेंडी घेऊन आली. "मामा, शेळी हाय ती. दीड वर्साची. सज्ञान व्हायला लई टाइम हाय." गाव आठवडाभर हसलं. मामांनी मसुदा फाडला नाही. "नाव बदलून कामाला येईल."

आला. त्याच हंगामात दुसऱ्या एका दारातून खोकला नाही, टकटकच परत आली. तीनदा. घरचे सांगत होते, पोरगी टोळीसोबत कर्नाटकात गेलीय. बावीस वर्षांची ती, नर्सिंग शिकायचं म्हणत होती, म्हणून कोंडलेली. मामांनी शेळीच्या मसुद्यावर तिचं नाव घातलं, तिच्या मैत्रिणीची सही घेतली आणि वकिलाला घेऊन हायकोर्टाचं खंडपीठ गाठलं. पोलिसांनी तिला हजर केलं. न्यायाधीशांनी विचारलं, कुठं जायचंय? "परळीला. वर्गात," ती म्हणाली. बाहेर तिचा भाऊ मान खाली घालून उभा होता. मामांनी त्याला चहा पाजला. "तू बी सज्ञान हायस रं. तसं वाग."

आता मामा रस्ते विसरतात, कुलपं विसरत नाहीत. मागच्या महिन्यात हमरस्त्यावर उभ्या ट्रकचं मागचं दार ठोठावताना सापडले. तेव्हापासून दादा, म्हणजे त्यांचा मुलगा, कामावर जाताना त्यांना बाहेरून कुलूप लावून जातो. चळवळीच्या पत्रकांवर वाढलेली मी; दारातच त्याला राज्यघटना, व्यक्तिस्वातंत्र्य, सगळं सुनावलं. तो म्हणाला, "खरंय तुझं. मग उद्यापासून बस की त्यांच्यापाशी. मी काय हौसेनं लावतो?"

तेवढ्यात दाराखालून एक कागद सरकत आला. तसाच एक मसुदा. डांबलेल्या माणसाच्या जागी मामांचं नाव, डांबणाऱ्याच्या जागी दादाचं. खाली त्यांच्याच अक्षरात: 'पोरगा वाईट न्हाई. सोबत मिळाली तर अर्ज मागे.' दादानं तो वाचला आणि घडी घालून खिशात ठेवला.

रविवारी मी जाते. उरलेल्या सहा दिवसांसाठी तुमच्यापुढे हात पसरते आहे. सिरसाळ्यावरून जात असाल तर उतरा. पिठाच्या गिरणीसमोर निळं दार आहे, किल्ली गिरणीवाल्या काकूंकडे असते. कुलूप काढा, मामांच्या हाती छत्री द्या आणि त्यांच्यासोबत गल्लीत एक फेरी मारा. निघताना ते विचारतील, राजीखुशीनं आलात ना?

हो म्हणा.