घंटेचा दोर

पिस्कॅटवेतल्या एका जुन्या चर्चचा हॉल आम्ही मंडळाच्या गणपतीसाठी भाड्याने घ्यायचो. तिथला म्हातारा केअरटेकर मूळचा इंग्लंडमधल्या एका खेड्यातला. अमेरिकेत इतकी वर्षं काढूनही तो 'आमचं चर्च' म्हणाला, की ते तिकडचं, दगडी, कबरींच्या मधोमध उभं असलेलं. इथलं लाकडी चर्च म्हणजे नुसती 'बिल्डिंग'. बोलताना टोपी सारखी करायची त्याला सवय; ती काढलेली मात्र मी कधी पाहिली नव्हती.

चौऱ्याऐंशी साली आई साताऱ्याहून आली होती. चर्चच्या दारात तिला घंटेचा दोर दिसला. देवळात शिरल्यासारखा तिने तो सरळ ओढला.

केअरटेकर आवारातून धावत आला. टोपी हातात.

"कोण गेलं?"

त्याच्या गावात कुणी वारलं, की असा एकच टोल पडे आणि माणसं शेतातलं काम थांबवून उभी राहत.

"कुणी नाही," मी ओशाळून म्हटलं.

आईला यात काही चुकलंय असं वाटेचना. "अरे, आपण आलोय हे देवाला कळायला नको?"

मी त्याला समजावून सांगितलं. त्याने जरा विचार करून टोपी घातली. "ही पद्धत बरी आहे," म्हणाला.

पुढच्या वर्षी आई गेली. मला कळलं तेव्हा तिकडे साताऱ्यात सगळं आटोपलं होतं. हॉलची किल्ली घ्यायला गेलो तेव्हा त्याला सांगितलं. त्याने टोपी काढली आणि दोर एकदाच ओढला.

टोल पडला, आणि मी नकळत दाराकडे पाहिलं, आई आत येतेय का म्हणून.