आवड नसताना खेळणारे परब

शिवदास परबांना व्हिडिओ गेम आवडत नाहीत. तरी वाकोल्यातल्या त्यांच्या पार्लरमध्ये आलेला प्रत्येक नवा खेळ आधी ते स्वतः शेवटपर्यंत खेळतात. साठीच्या आसपास त्यांनी जग इतक्यांदा वाचवलंय, की आता त्याचं काही वाटत नाही.

कारण तांत्रिक आहे. पार्लरमध्ये कन्सोल, म्हणजे खेळांची खास यंत्रं, नाहीत; एम्युलेटर आहे. म्हणजे कॉम्प्युटर कन्सोलचं सोंग घेतो. आग, धूर, पाणी पहिल्यांदा दिसायची वेळ आली की ते रंगवायची तयारी त्याला तिथल्या तिथे करावी लागते आणि चित्र अडकतं. झालेली तयारी तो शेडर कॅशे नावाच्या फोल्डरमध्ये ठेवतो, म्हणून पुढच्या वेळी अडकत नाही. पहिलं अडकणं परब स्वतः सोसतात आणि भरलेला फोल्डर बाकीच्या मशिनांवर टाकतात. सगळी मशिनं एकाच जातीची घेतली ती त्यासाठीच.

खंडेनवमीला त्यांच्या बायकोने, मालनवहिनींनी मशिनं पुसली, झेंडू वाहिला. मग स्क्रीनवर कचरा साफ करायचं बटण दिसलं. तेही दाबलं. सगळ्या मशिनांवर.

दुसऱ्या दिवशी, दसऱ्याला, मोटार-शर्यतीची स्पर्धा होती. गेल्या वर्षी ऐन अंतिम फेरीत चित्र अडकलं होतं. यंदा अडकलं तर सगळे सांताक्रूझच्या नव्या पार्लरला जाणार, असं पोरांनी तोंडावर सांगितलं होतं.

"अगं, सगळी वाट लावलीस!"

"माका काय म्हायत? मोबाइल हळू झालो की कॅशे साफ करा, असा तुमीच सगळ्यांका सांगतास."

शटर अर्धं ओढून परब फोल्डर पुन्हा भरायला शर्यतीला बसले. गेममध्येही ते सिग्नल पाळल्यासारखी गाडी चालवतात. दुपार कलली तशी मान धरली. वहिनींनी रिमोट काढून घेतला.

"खयचा दाबू?"

"कुठलंही दाब. हरलीस तरी चालेल. फोल्डरला त्याचं काही नाही."

वहिनी मन लावून हरल्या. भिंतीवर आपटल्या, पेटल्या, मग पुलावरून थेट समुद्रात. चित्र थिजलं.

परब ताठ बसले. "हेच! गेल्या वर्षी फायनलला तो पोरगा इथेच पडला. मी कधी पडलोच नाही ना."

"मगे परत पडू?"

"पड."

गाडी पुन्हा पुलावरून गेली. पाणी उडालं, चित्र जराही अडकलं नाही.

"झालं. चल, उठूया."

"थांबा वायच," वहिनी स्क्रीनवरून नजर न काढता म्हणाल्या. "त्या बर्फाच्या कड्यावरना पडाचा ऱ्हवला अजून."