फ्लेक्सवरची बढती

भाऊनं माझ्या खांद्यावर शाल टाकली. फोटो निघाला. लगेच तीच शाल धरून त्यानं मला खुर्चीतून उठवलं.

"उठा मास्तर, फोटो झाला. पुढारी आलेत, त्यान्ला बसू द्या."

पोरं हसली. मीही हसलो. पांढऱ्या केसांचा माणूस, गुंडाच्या वाढदिवसाला लाचार हसलो.

बीडमधल्या आमच्या वस्तीत भाऊच्या वाढदिवसाला मोठा फ्लेक्स लागतो. मधे भाऊ. कडेला बेकार पोरांचे टिकलीएवढे फोटो. जो तुरुंगात जाऊन येतो त्याचा फोटो मोठा होतो, भाऊच्या जवळ सरकतो. पोरं याला बढती समजतात. वर कोपऱ्यात 'मार्गदर्शक' म्हणून मी. निवृत्त शिक्षक, विहारात मुलांना वंदना शिकवणारा. फोटो मीच दिला होता. माझा नातू सुमित भाऊच्याच पोरांकडून बटन घेतो, म्हणजे नशेच्या गोळ्या. हे ठाऊक असून दिला. मानाची हाव, दुसरं काय.

केक कापल्यावर भाऊनं मला बाजूला घेतलं. त्याच्या पुतण्यानं आदल्या संध्याकाळी मांजरसुंब्याच्या ढाब्यावर वेटरला चाकू मारला होता.

"सुमित गुन्हा अंगावर घेतोय. तुमी ठाण्यात एवढंच म्हणा, पोरगं लई तापट हाय."

"तो त्या संध्याकाळी माझ्या घरी पडला होता. गोळ्या खाऊन. त्याची उलटी मी पुसली."

"ते कावून सांगायचं? घराची इज्जत हाय का न्हाई?"

पुतण्याला दुसऱ्याच्या नातवामागं लपवणारा माणूस मला इज्जत शिकवत होता.

सुमित तिथंच उभा होता. डोळे जड, जीभ जड. "आबा, गप बसा ना. सुटून आलो की माझा फोटो भाऊशेजारी येतोय."

एका पोराचं आयुष्य, आणि बदल्यात वीतभर जागा. तीही पावसात फाटणाऱ्या फ्लेक्सवर. ही अक्कल त्याला भाऊनं दिली, पण त्याच फ्लेक्सवर मार्गदर्शक म्हणून नाव माझं होतं.

मी शाल खुर्चीवर फेकली आणि चालत ठाण्यात गेलो. खरं ते सांगून सही केली.

पुतण्या आत गेला. सुमित माझ्याशी बोलत नाही. आता कोर्टात साक्ष आहे. भाऊचे निरोप येतात, वयाचा विचार करा. केलाय. आणखी किती दिवस भिणार?

सुमितच्या गोळ्यांचंही सांगणार. त्या कोण विकतं तेही. आणि मी सारं बघत गप्प बसलो होतो, तेही. नातू भर कोर्टात मला शिव्या घालील. घालू दे. तुरुंगाबाहेर राहून घालील.