चाचांनी भरलेली बॅट

मापारी चाचा कोणतीही वस्तू हातात घेतल्याशिवाय तिच्याबद्दल मत देत नसत. वाशीमजवळच्या शिरपूरच्या बाजारात धान्याची पोती तोलण्यात त्यांचं आयुष्य गेलं होतं. काटा बिघडला तरी त्यांचं काम अडत नसे. गुडघ्याच्या आधाराने पोतं जरासं उचलत, डोळे मिटत आणि वजन सांगत. कुणी फेरतोल मागितला तर त्यांना अपमान वाटे. "एकदा तोललं ते तोललं," म्हणत आणि पुढच्या पोत्याकडे वळत.

ईशान, काल व्हिडिओ कॉलवर तू तुझ्या या आजीकडे बेसबॉलची बॅग जड असल्याची तक्रार केलीस, तेव्हा मला चाचा आठवले. ते जाऊन दोन वर्षं झाली. तुम्हा दोघा भावंडांना ते माहीत असायलाच हवेत.

मी तिथल्या शाळेत इंग्रजी शिकवत होते. खेळाचे शिक्षक सोडून गेले आणि मुलींचा बेसबॉल संघ माझ्या गळ्यात पडला. नियमपुस्तक मी पेन्सिलीने खुणा करत दोनदा वाचलं. बॅट मात्र एकदाही उचलून पाहिली नाही. चाचांची नात रुबिना आमची सर्वांत चांगली खेळाडू. चाचा रोज तिच्यासोबत मैदानावर येत, सामानाची बॅग वाहत आणि आतल्या प्रत्येक वस्तूला शेरा देत. कॅचरचं हेल्मेट त्यांना पसंत होतं. "ह्याच्यात वजन हाये. इमानदारीचा माल."

रुबिनाचे वडील सलीमभाई शिवणकाम करत. त्यांनी मुलीला बजावलं होतं, "जिल्ह्याले जिंकली तं खेळ. हारली तं बॅट ठेव आन् दहावीचं पुस्तक धर."

शाळेने नवी बॅट घेतली, ॲल्युमिनियमची. चाचांनी ती हातात घेतली आणि त्यांचा चेहरा उतरला.

"मॅडम, फसवलं तुमाले! आतून पोकळ हाये."

"चाचा, ती तशीच असते."

"दुकानदार असंच म्हन्ते."

मुठीला सुतळी गुंडाळायची म्हणून ते बॅट घरी घेऊन गेले. सकाळी परत आणली. "आता पाहा." मी पाहिलं. सुतळी फार नीट गुंडाळली होती.

पुढचे दोन महिने मुलींचे दंड दुखत होते आणि मी त्यांना हळद घातलेलं दूध प्यायला सांगत होते.

वाशीमला जिल्ह्याच्या सामन्याआधी अंपायरने आमची बॅट एका हाताने उचलली, खाली ठेवली आणि दोन्ही हातांनी पुन्हा उचलली. टोकाचं रबरी बूच काढल्यावर बारीक वाळू त्याच्या बुटांवर सांडली.

"मॅडम, हे काय आहे?"

मी तोंड उघडण्याआधी दोरीपलीकडून चाचांचा अभिमानी आवाज आला. "नदीची वाळू हाये, साहेब! चाळून भरली. पोकळ कायले ठेवाची?"

बॅट बाद झाली. समोरच्या संघाने मोठ्या मनाने त्यांची दिली, पण जड बॅटची सवय झालेल्या आमच्या मुलींच्या हातात ती काडीसारखी फिरू लागली. चेंडू यायच्या आधीच फटका मारून व्हायचा. रुबिना तर एकदा स्वतःभोवती गिरकी घेऊन खाली बसली. सगळं मैदान हसलं. खरं सांगते, मीही हसले. चाचा हसले नाहीत. आम्ही हरलो.

परतताना रुबिना खिडकीकडे तोंड करून बसली होती. बसमधून उतरल्यावर चाचा घरी न जाता थेट सलीमभाईंच्या दुकानात गेले. मीही मागोमाग गेले. सलीमभाईंना सांगायला वाटेत चार वाक्यं जुळवली होती, ती तशीच राहिली.

"सलीम, पोरगी नाई हारली. म्या हारवली तिले," चाचा गिऱ्हाइकांसमोर म्हणाले. "वजन माह्यं चुकलं."

शिलाई मशीन थांबलं. गिऱ्हाइकंही थांबली.

"अब्बा, तुमी रडून काहून राह्यले?"

"कोन रडते? वाळू गेली डोयात."

सलीमभाईंनी बराच वेळ टेप गळ्याभोवती सारखी केली. मग म्हणाले, "अजून एक साल खेळू द्या तिले. पन अब्बा बॅटले हात नाई लावणार."

चाचांनी शब्द पाळला. पुढच्या वर्षी संघाला निरोप द्यायला ते स्टँडवर आले, पण बॅगेपासून दहा पावलं लांब, हात पाठीमागे बांधून उभे राहिले. मुली बॅग चढवताना धडपडत होत्या. "चाचा, जरा हात लावा ना!" मी म्हटलं. "नाई मॅडम, माह्या हाताचा भरोसा नाई."

त्या वर्षी आम्ही जिंकलो. मी मैदानावरूनच फोन केला. सलीमभाईंनी तो चाचांच्या कानाला लावला. चाचांनी स्कोअर विचारला नाही.

"कोनाच्या बॅटनं?"

"आपल्याच, चाचा. पोकळच होती."

मी दोनदा हॅलो म्हटलं. शेवटी सलीमभाईच बोलले, "मॅडम, अब्बा फोन टाकून गेले. गल्लीत साखर वाटून राह्यले."