सिस्टरच्या गाण्यातल्या बायका

आमच्या शेजारच्या सिस्टरना जितक्या बायका तोंडपाठ होत्या, तितक्या अख्ख्या ब्रिटनमध्ये कोणालाच नसतील. सिस्टर म्हणजे नर्स. चाळीस वर्षं हॉस्पिटलांत काढून रिटायर झाल्या, तरी लंडनच्या हॅरो भागातल्या आमच्या रस्त्यावर त्यांना सगळे सिस्टरच म्हणायचे. मूळच्या त्या स्कॉटलंडच्या वायव्येकडच्या एका बेटावरच्या आणि मातृभाषा गेलिक. मी नागपूरहून नोकरीसाठी आले आणि त्यांच्या शेजारचं घर भाड्यानं घेतलं, तेव्हा पहिल्याच दिवशी कुंपणावरून प्रश्न आला, "तू कोणाची?" मी वडिलांचं नाव, आडनाव आणि वर गावही सांगितलं. "ते पोस्टमनला सांग," सिस्टर म्हणाल्या. "आई कोण? तिची आई कोण?" व्हिसाच्या फॉर्मनंही मला इतकं खोलात विचारलं नव्हतं. आईच्या आईला आम्ही जिजी म्हणायचो. तिला आणखी काही नाव असेल हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. मग सिस्टरनी स्वतःच्या सात पिढ्यांतल्या आया एका दमात म्हणून दाखवल्या. मी हातात कचऱ्याची पिशवी घेऊन ऐकत उभी राहिले.

त्यांच्या बेटावर म्हणे नाव रिकामं ठेवत नाहीत. माणूस गेलं की पुढचं मूल ते नाव घेऊन येतं, आणि आजोबांचं नाव चालवायला मुलगा नसला तर तेच नाव, शेपूट लावून, नातीला देतात. सिस्टरचे आजोबा डोनाल्ड, म्हणून सिस्टर डोनाल्डिना. बहीण केनेथिना. शाळेत वर्गात नऊ मुली, त्यांतल्या चौघींचं नाव मायरी, म्हणून प्रत्येकीला तिच्या आईच्या किंवा आजीच्या नावानिशी हाक. लग्नानंतरही गावात बाईला बापाच्याच घरच्या नावानं ओळखायचे आणि थडग्यावरही, नवऱ्याशेजारी, तेच कोरायचे. "नवऱ्याला अख्खा जन्म द्यावा, पण नाव कशाला द्यायचं?" असं सिस्टर म्हणत. त्यांनी स्वतः दोन्हींपैकी काहीच कोणाला दिलं नव्हतं.

आणि गाणी. त्यांच्याकडे पूर्वी हातमागावरचं लोकरीचं कापड ओलं करून दहा-बारा बायका लांब टेबलाभोवती बसून ते आपटत, म्हणजे ते घट्ट होई. एकीनं ओळ म्हणायची, बाकीच्यांनी धरायची, आणि आपटण्याचा ठेका तोच गाण्याचा ठेका. कापड भिजवायला तेव्हा साठवलेलं मूत्र वापरत, हे सिस्टरनी मला चहा घेताना सांगितलं. हॅरोत त्या साबणाच्या पाण्यावर भागवत. कापड किती झालं हे गाण्यांवर मोजायचं, म्हणून सिस्टर सगळंच गाण्यांवर मोजत. अंडं दीड गाण्यात उकडे. हॅरोहून बेकर स्ट्रीट मेट्रोपॉलिटन लाइनच्या गाडीनं सात गाणी, आणि गाडी सिग्नलला थांबली तर नऊ. दर गुरुवारी दुपारी त्या दोन-चार शेजारणींना धरून डायनिंग टेबलावर कापड आपटत. एकदा पलीकडच्या घरातल्या गृहस्थांनी आवाजाची काउन्सिलला कम्प्लेंट केली. चौकशीला आलेल्या बाईंना सिस्टरनी आधी "तू कोणाची?" विचारलं आणि मग बसायला जागा दिली. तासाभरानं त्या बाई कोपरापर्यंत भिजून बाहेर आल्या. पुढच्या गुरुवारी सुट्टी टाकून परत आल्या.

सिस्टरना शेकडो गाणी येत. कुठल्याशा युनिव्हर्सिटीची माणसं रेकॉर्डिंगचं यंत्र घेऊन आली, तेव्हा त्यांनी ती सगळी देऊन टाकली. एकच मागे ठेवलं. त्या गाण्याच्या शेवटी ते गाणं सांभाळणाऱ्या बायकांची नावं येत, प्रत्येक नावासोबत तिच्या आईचं. जी गाणं देई ती, घेणारीचं नाव जोडून देई. शेवटचं नाव डोनाल्डिना. त्यापुढे कोणी नव्हतं. "ते यंत्राला कसं देऊ? त्याची आई कोण?" सिस्टर म्हणाल्या. ग्लासगोत एक भाची होती, गुणी पण सुराची वैरीण. माझ्यावरही त्यांनी तीन गुरुवार खर्च केले आणि चौथ्या गुरुवारी प्रेमानं विचारलं, "तुझं ते कॉम्प्युटरचं बरं चाललंय ना?" पण तेव्हा त्यांनी ऐंशी ओलांडली होती, पाय सुजत होते, आणि सुजेचा अर्थ त्यांना डॉक्टरांच्या आधी कळला होता. "दोन हिवाळे काढेन असं वाटत नाही," त्या म्हणाल्या. "मरायचं काही नाही गं. पण गाणं माझ्यापाशी थांबलं, तर वरच्या सगळ्याजणींना मी काय सांगू?" मला फार वाईट वाटलं, आणि स्वतःच्या गळ्याचा रागही आला.

त्या वर्षी आई सहा महिन्यांसाठी आली. तिला इंग्रजी येत नाही. पहिल्याच गुरुवारी तिनं भिंतीला कान लावला. "काय धुऊन राहिल्या गं त्या?" मी समजावेपर्यंत ती पदर खोचून शेजारी पोचलीसुद्धा. दुसऱ्या ओळीला तिचा हात ठेक्यात पडला. तिसऱ्या आठवड्यात ती एका शब्दाचाही अर्थ न कळता ध्रुवपद असं उचलायला लागली, की सिस्टर मध्येच थांबून तिच्याकडे बघत राहिल्या. मग मला म्हणाल्या, "विचार हिला, नाव काय."

"सुलभा," आई म्हणाली.

"आईनं ठेवलेलं?"

"नाही. लग्नात ठेवलं. ताटात तांदूळ पसरून यांनी अंगठीनं लिहिलं."

"मग आधीच्या नावाचं काय केलं?" सिस्टरनी विचारलं.

"त्याचं काय करायचं असते?" आई मला म्हणाली. मग ओल्या कापडाकडे बघत हळूच म्हणाली, "कमळ." मामा तिला ताई म्हणतो, बाबा अगं म्हणतात. चौतिसाव्या वर्षी मला आईचं नाव कळलं.

"कोणाची कमळ?"

"द्वारकेची," आई म्हणाली आणि लगेच मान हलवली. "नाही, तेही सासरचंच." माहेरचं तिला आठवेना. तिनं डोळे मिटले, तळहात टेबलावर गोल फिरवू लागली आणि जिजीची दळतानाची एक ओवी गुणगुणायला लागली. ती मी कधी ऐकली नव्हती. एक कडवं गेलं, दुसरं गेलं. तिसऱ्यात, माहेरच्या दारातून जिजीची आई तिला हाक मारते तिथे, नाव आलं: तुळसा. मी भाषांतर करायला तोंड उघडलं, तर सिस्टरनी हातानं मला थांबवलं. त्यांना ते आधीच ऐकू आलं होतं. एका बाईचं खरं नाव कुठल्याही कागदावर उरलं नव्हतं, फक्त गाण्यात उरलं होतं, आणि त्या खोलीत याचं नवल न वाटलेलं माणूस सिस्टर एकट्याच. त्यांनी मग आपलं गाणं पहिल्यापासून म्हटलं. नावांमागून नावं आली, डोनाल्डिना आली, आणि तिच्यापुढे, गेलिक ठेक्यात अगदी नीट बसून, तुळसेची कमळ. आईनं शेवटचे दोन महिने रोज त्यांच्याकडे जाऊन सगळं गाणं पाठ केलं.

आई नागपूरला परतली. पुढच्या फेब्रुवारीत सिस्टर गेल्या. एप्रिलमध्ये आमच्या नागपूरच्या घरी एक पार्सल गेलं. भाचीनं धाडलेलं, पण पत्ता सिस्टरनी आधीच स्वतःच्या हातानं लिहून ठेवलेला. बाबांनी फाटकात ते उलटंपालटं करून पाहिलं आणि कुरिअरवाल्याला सांगितलं, "या नावाचं इथं कोणी नाही." तो निघालाही होता. आई हात पुसत स्वयंपाकघरातून बाहेर आली आणि म्हणाली, "आहे, अहो. मी आहे." आणि तिनं सही केली.

हे सगळं बाबांनीच संध्याकाळी फोनवर सांगितलं. आत लोकरीचं जाड कापड निघालं होतं, एप्रिलच्या नागपुरात. "मीच बदललं होतं गं ते नाव," ते म्हणाले, "आणि मीच विसरलो." मग आवाज उतरवून म्हणाले, "तिला कोणत्या नावानं हाक मारलेली आवडेल, विचारतेस का?"

"तुम्हीच विचारा नं, बाबा."

त्यांच्या मागे टेबलावर काहीतरी ओलं आपटल्याचा आवाज येत होता, एका ठेक्यात.

"विचारतो," बाबा म्हणाले. "तिचं गाणं होऊ दे आधी."