चेहरा तिकडे, आवाज पोशीरला

लढाईच्या दिवसांत कर्जत आणि खालापूर या दोन तालुक्यांत पडद्यावरच्या तमाम बायकांच्या वतीनं बोलण्याचा अधिकार एकाच बाईला होता, आणि ती बाई जर्मन होती. राजकन्या असो, तिची सासू असो, की विहिरीकडे जीव द्यायला निघालेली मोलकरीण असो, तिच्या तोंडून जे निघायचं ते आमच्या जर्मनबाईंचंच. शिवाय ते निघायचं पोशीरच्या बोलीत, कारण बाई मराठी शिकल्या त्या त्यांच्या घरमालकिणीकडून, काशीबाईकडून, भाताच्या खाचरात उभ्या राहून. त्यामुळे गोऱ्यापान राणीसाहेब सिंहासनावरून उठून राजाला विचारायच्या, "कुटं गेला व्हतास रं सकाळपासून?" आणि सिनेमाच्या तंबूतल्या बायका माना डोलवायच्या. त्यातल्या बऱ्याच जणी हाच प्रश्न घरी विचारून आलेल्या असत.

लढाई लागल्यावर बंदराच्या शहरात जर्मन माणूस नको म्हणून सरकारनं बाईंना मुंबईतून हलवलं, आणि त्या काशीबाईच्या पडवीत येऊन राहिल्या. दर सोमवारी कर्जतच्या चौकीत हजेरी द्यायची आणि फौजदारांना विचारल्याशिवाय तालुका ओलांडायचा नाही, एवढ्याच अटी. मी तेव्हा पोशीरच्या शाळेवर मास्तर होतो. गावात इंग्रजी येणारा मी एकटाच, म्हणून पाटलांनी बाईंवर लक्ष ठेवायचं काम माझ्याकडे दिलं. इतकं मन लावून मी दुसरं कुठलंही सरकारी काम केलेलं नाही. बाईंना मराठी बोलता यायला लागल्यावरच्या पहिल्या हजेरीला मी बरोबर होतो. बाईंनी चौकीत पाऊल टाकताच विचारलं, "काय रं फौजदारा, जेवलास का?" शिपाई भिंतीकडे तोंड करून उभे राहिले. फौजदारांनी क्षणभर माझ्याकडे पाहिलं, बाईंकडे पाहिलं आणि खाली मान घालून म्हणाले, "जेवलो." नंतर मला बाजूला घेऊन ते म्हणाले, "मास्तर, आई गेल्यापासून हे मला कोणी विचारलं नव्हतं." तेव्हापासून सोमवारची हजेरी लांबत लांबत दुपारच्या चहापर्यंत जाऊ लागली.

बाईंशी बोलताना सुरुवातीला अवघड व्हायचं. त्या डोळ्यांकडे बघत नसत, ओठांकडे बघत. मिशीवाल्या माणसांवर त्यांचा मनापासून राग होता. "तुज्या मिशीच्या मागं काय चाललंय काय कळत नाय," असं त्यांनी फौजदारांना तोंडावर सांगितलं, आणि पुढच्या सोमवारी फौजदारांची मिशी निम्मी झालेली मी स्वतः पाहिली. त्यांचा आवडता उद्योग म्हणजे संध्याकाळी ओट्यावर बसून लांबच्या माणसांना बोलतं करणं. पलीकडच्या बांधावर दोन माणसं हातवारे करताना दिसली की बाई इकडून दोघांचंही बोलणं सुरू करत, एकदा याचा आवाज, एकदा त्याचा, आणि काशीबाई हसून हसून सूप खाली ठेवी. एकदा त्यांनी अशाच दोघांचं बैलावरून कडाक्याचं भांडण लावून दिलं. प्रत्यक्षात ते दोघे आपल्या मुलामुलीची सोयरीक ठरवत होते. लग्नानंतर वर्षाच्या आत दोन्ही घरांत खरोखरच बैलावरून बिनसलं, तेव्हा बाई शांतपणे म्हणाल्या, "मी तवाच बोलले व्हते."

खेळाच्या दिवशी त्या घसा जपत, म्हणजे दिवसभर तोंड उघडत नसत. सगळा कारभार खुणांनी चाले, पण या खुणा मूकपटातल्या नायिकेच्या. जेवताना मीठ हवं असलं तरी एक हात कपाळाला जाई, दुसरा आढ्याकडे, आणि डोळ्यांत पाणी येई. "मीठ मागते का परान सोडते, काय समजाचा?" असं काशीबाई मला विचारी, आणि खात्री म्हणून आधी मीठ वाढून मग पाणी आणून ठेवी.

बाईंची हकीकत मला तुकड्यातुकड्यानं कळली. पडद्यावरची माणसं नुसते ओठ हलवत होती त्या काळात बाई त्यांच्या देशात नायिका होत्या. ट्रंकेतला फोटो त्यांनी एकदा दाखवला होता. इवलासा चेहरा आणि त्यात न मावणारे डोळे. मग बोलपट आले. कंपनीनं त्यांना एका खोलीत उभं करून बोलायला लावलं आणि ऐकणाऱ्यांनी कपाळाला हात लावला. बाईंचा आवाज मुळातच जाड. खाचरातून हाक मारली तर पलीकडच्या शेतातला बैल थांबे. हा आवाज या चेहऱ्याला शोभत नाही, असं सांगून त्यांना घरी पाठवण्यात आलं. पुढे त्याच कंपनीनं त्यांना परत बोलावलं, पण अंधाऱ्या खोलीत बसून परदेशी चित्रपटांतल्या नट्यांना जर्मन आवाज द्यायला. ते काम त्यांनी काही वर्षं केलं; तिथून मुंबईला कशा आल्या, तो तुकडा मात्र मला कधी मिळाला नाही. "म्हंजे बग मास्तर," त्या म्हणाल्या, "माजा चेहरा कंदी बोलला नाय, आन माजा आवाज कंदी कुनी बघितला नाय. एकदा तरी दोगांची गाठ घालायची हाय." हे त्या हसत म्हणाल्या.

तंबू होता खालापूरच्या दाऊदभाईंचा. बोलपटाचं यंत्र परवडत नव्हतं, म्हणून ते मुंबईच्या भंगारवाल्यांकडून जुने मूकपट आणत आणि पत्र्याच्या भोंग्यातून स्वतः सगळ्यांचं बोलत. त्यांची राजकन्या खोकायला लागली की पब्लिक शिट्ट्या मारी. म्हणून बायकांचं बोलणं त्यांनी बाईंकडे सोपवलं आणि ते लिहून देण्याचं काम माझ्याकडे. "आपल्या वियोगाने माझे हृदय विदीर्ण झाले आहे," असं मी पहिल्याच खेळाला लिहिलं. बाईंनी विचारलं, "इदीर्न म्हंजे?" मी म्हटलं, फाटलं. "मग फाटला म्हन की," त्या म्हणाल्या, आणि माझ्या साहित्यसेवेचा तिथे शेवट झाला. पडदा तंबूच्या मधोमध टांगलेला असे, पुढे पुरुष आणि मागे बायका. मागून चित्र उलटं दिसतं, त्यामुळे दोन्ही तालुक्यांतल्या बायकांची अशी पक्की समजूत होती की गोरे लोक झाडून सगळे डावखुरे असतात. बाई बायकांच्या बाजूला बसत. कोणी मधेच नायिकेला "नको जाऊ गं त्याच्यासंगं," म्हणालं तर नायिका पडद्यावरून सांगे, "बगते गं, जरा दम धर." मी कंदील घेऊन पडद्याच्या कडेला बसे, दोन्ही बाजू दिसणारा तंबूत मी एकटाच.

बाईंची इच्छा मी दाऊदभाईंच्या कानावर घातली होती. मुंबईत जुनी रिळं सेल्युलॉइडच्या बांगड्या करणाऱ्यांना वजनावर विकली जात. दाऊदभाई प्रत्येक फेरीला त्या ढिगाऱ्यात बसून, बाईंचा फोटो हातात धरून, एकेक रीळ उजेडात बघत. बाई दर वेळी विचारत, "गावली का रं मी?" आणि ते मान हलवत. एका उन्हाळ्यात मात्र ते पोशीरला आले ते टोपी हातात घेऊन. "गावलात," ते म्हणाले. "पन अर्ध्याच हायेत तुमी. बाकीच्या तुमच्या बांगड्या झाल्या."

खेळ खालापूरला होता. तालुका ओलांडायची चिठ्ठी फौजदारांनी लिहून दिली आणि बंदोबस्त म्हणून स्वतःही आले. चित्रपट इंग्रजी आहे असं दाऊदभाईंनी त्यांना सांगितलं होतं, त्यामुळे शत्रूचाच खेळ बघायला ते नकळत पहिल्या रांगेत बसले. पडद्यावर फोटोतली ती पोरगी धावत आली आणि बाई पोशीरच्या बोलीत तिच्या तोंडून बोलू लागल्या. शेवटी नायिका खिडकीशी उभी राहते, चेहरा पडदाभर होतो आणि ओठ हलतात. माझ्या कागदावर तिथे "मला इसरू नको" असं होतं. बाई काहीच बोलल्या नाहीत. आरशात बघावं तशा त्या स्वतःकडे बघत राहिल्या. त्यांनी मला खूण केली, मी ती पलीकडे यंत्रावरच्या माणसाला केली, त्यानं रीळ मागे घेऊन तोच तुकडा पुन्हा लावला, आणि या वेळी बाईंनी भोंगा खाली ठेवून जर्मनमध्ये चार शब्द उच्चारले. ते त्या ओठांवर तंतोतंत बसले. पलीकडून फौजदारांचा आवाज आला, "काय इंग्रजी आहे, एक अक्षर कळलं नाही."

खेळ संपल्यावर खालापूरची एक म्हातारी उठून बाईंजवळ आली. "बाय, आवाज लय चांगला हाय गं तुजा," ती म्हणाली. "पन त्या पोरीला शोभत नाय. ती केवडीशी." तिनं बाईंना ओळखलं नव्हतं, कोणीच ओळखलं नव्हतं. मला तर मेल्याहून मेल्यासारखं झालं. बाई मात्र पोट धरून हसल्या. "आमच्याकडं पन असाच बोलले व्हते," त्या म्हणाल्या. "मग बरोबर बोलले," म्हातारी म्हणाली आणि चटई गुंडाळून निघून गेली.

दुसऱ्या दिवशी, पेट्रोलच्या टंचाईत कोळशाच्या गॅसवर चालणाऱ्या मोटारीनं आम्ही परत निघालो. चढाला मोटार थांबली, उतारू ढकलायला उतरले, फौजदारही उतरले. आम्ही मागून चालत होतो. खिडकीशी काय बोललात, असं मी विचारलं. त्या म्हणाल्या, मूकपटात कोणी काहीही बोलायचं, ऐकणार कोण? "मी काय बोलले ता मलाच आठवत नव्हता, मास्तर. काल माज्या ओठांवर वाचला. चित्र काढताना आई कोपऱ्यात माजा कोट घेऊन बसली व्हती. तिला बोलले, थांब, जाऊ नको, मी आलेच." लढाई लागल्यापासून आईची काही खबर नाही, हे त्यांनी मला तेव्हाच सांगितलं. मग पदरानं नाक पुसून त्या मोटारीला हात लावायला पुढे गेल्या.

लढाई संपली, परवानगी आली आणि बाई आईला शोधायला निघाल्या. नेरळ स्टेशनवर काशीबाईनं विचारलं, "परत कवा येशील गं?" बाईंनी तिच्या ओठांकडे पाहिलं आणि खिडकीशी आईला म्हटलं होतं तेच तिलाही म्हणाल्या. नंतर त्यांची काहीच खबर आली नाही. त्या मला फार आठवतात. अजून कधी संध्याकाळी मी काशीबाईच्या ओट्यावर जाऊन बसतो. लांब बांधावर दोन माणसं हातवारे करत असतात. "काय बोलतात रं मास्तर?" ती विचारते. मी डोळे बारीक करून बघत राहतो. मग सूप हलवता हलवता ती स्वतःच आवाज जाड करून म्हणते, "थांब, जाऊ नको, मी आलेच."